आरशातला डावखुरा

तार्तूच्या ऑपेरात सव्वीस वर्षं
मी रंगमंचाच्या कडेला, लाकडी खोक्यात
कमरेइतकी बुडून बसले.
गायकांना पुढचा शब्द द्यायचा, एवढंच काम.
पायाशी गरम वीट, मांडीवर संहिता,
आणि डोळ्यांसमोर खिळ्याला अडकवलेला
कुठल्याशा भंगार मोटरसायकलचा गोल आरसा.
पाठीमागे, वादकांच्या खळग्यात, हिल्लार कादारिक.
त्याला मी त्या आरशातच पाहिलं.
म्हणून माझ्यासाठी तो डावखुरा,
भांग उजवीकडे.

सारेमा बेटावरचा. बाप हेरिंगची पिंपं बांधायचा.
आडनावाचा अर्थ ज्युनिपरची जाळी
आणि बॅटनही ज्युनिपरचीच,
आईने लोण्याची सुरी कोरली
त्या फांदीचा उरलेला तुकडा.
लेनिनग्राडला शिकला, तिथे पांढरी, सुबक बॅटन मिळाली,
ती कुणाला तरी देऊन आला.
तिसऱ्या अंकापर्यंत हात तापला की
तिचा वास माझ्या खोक्यात उतरायचा,
शेजारी कुणी मासे धुरावत असावं तसा.
चिडला की बेटावरचे उच्चार निघायचे,
आणि व्हायोलिनवाले मान खाली घालून हसायचे.

त्याचं नि माझं काम तसं एकच.
सूर निघण्याआधी त्याचा हात,
शब्द फुटण्याआधी माझे ओठ.
सगळ्या थिएटरसाठी जे आत्ता घडत होतं
ते आमच्यापुरतं घडून गेलेलं असायचं.
असे अर्धा श्वास पुढे राहिलो आम्ही,
आणि बोललो ते जिन्यात,
"थंडी आहे." "हो, आहे."

मग एका नोव्हेंबरात वरून कागद आला:
शेवटचा कोरस रशियनमध्ये.
त्याने मुकाट तालीम घेतली,
मी मुकाट संहितेवर नवी पट्टी चिकटवली.
पहिला शब्द समुद्र. रशियनमध्ये मोऱ्ये, आमच्यात मेरी.
दोन्ही शब्द ओठ मिटूनच सुरू होतात.

त्या रात्री पहिल्या रांगेत तीन करडे कोट.
कोळ्यांच्या बायका दिवे घेऊन पुढे आल्या,
मी ओठ मिटले, आरशात पाहिलं,
आणि त्याचा रिकामा हात उचलला गेला,
एक बोट सरळ माझ्याकडे.
सव्वीस वर्षांत एकदाच.
मी म्हटलं, मेरी.

चाळीस जणींनी माझ्याकडून तो घेतला
नि सोडला नाही शेवटापर्यंत.

चौकशी झाली. खोक्यातल्या बाईला कोण विचारतं?
तो म्हणाला, सूचना माझी होती.
तीन वर्षं वाल्गाला,
रेल्वे कामगारांचा बँड, तुबा वाजवणारा पॉइंट्समन,
मालगाडी शिट्टी मारून गेली की
तिथूनच पुन्हा सुरुवात.
परत आला तेव्हा केस पिकलेले,
आरशाची कड तडकलेली.
"थंडी आहे." "हो, आहे."

पुढे झेंडा बदलला, नोटा बदलल्या,
त्याला स्टॉकहोमची, हेलसिंकीची बोलावणी आली.
माझ्या खोक्यावर फळ्या ठोकल्या.
आता म्हणे शब्द वर पडद्यावर उमटतात.

परवा बाजारात मासेवालीपाशी
एक म्हातारा धुरावलेल्या माशांना नाक लावून उभा होता.
मी ओळखलं नाही.
भांग डावीकडे, पिशवी भलत्याच हातात.
मी हळूच भाव विचारला
आणि तो वळला.
"तुम्ही अजून कुजबुजताच."

इतकी वर्षं गिळलेलं मग विचारून टाकलं,
ते बोट माझ्याकडे होतं ना?

त्याने मासा खाली ठेवला.
"हॉर्नकडे. पडद्यामागे एक हॉर्न होता,
तुमच्या बरोब्बर मागे."
थोडा थांबला.
"तो आलाच नाही. पिऊन पडला होता."

मी हिशोब करत राहिले:
तीन वर्षं, तीन हिवाळे, तो तुबा.
तो मात्र मासेवालीशी दहा सेंटसाठी भांडत होता,
बेटावरच्या उच्चारांत,
उजव्या हाताने ठोका देत.
उजव्या.